बांधावर बांबू, कार्बन क्रेडिट आणि तीस वर्षांचा करार: सही करावी का?

औसेकर
राम राम मंडळी. आमच्या औसा तालुक्यात महिनाभरापासून एका कंपनीची पोरं फिरायलीत. बांधावर बांबू नाहीतर झाडं लावा, रोपं आम्ही देतो, कार्बन क्रेडिटचे पैसे दरवर्षी खात्यावर जमा होतील असं सांगायलेत. करार तीस वर्षांचा. निव्वळ उत्पन्नातला साठ टक्के वाटा शेतकऱ्याचा. सातबारा, आधार, पासबुकाची झेरॉक्स द्यायची आणि मोबाईलवर आलेला ओटीपी सांगायचा, झाली सही. शेजारच्या काकांच्या बांधावरून त्यातला एक पोरगा मोबाईल पुढं धरून चारी बाजूंनी चालला, स्क्रीनवर पिवळी रेघ उमटली. म्हणाला, "काका, तुमचं रान सॅटेलाईटवर गेलं." काका जाम खूश.

बांबूचं मला वावडं नाही. बांबू लागवडीसाठी झटणाऱ्या पाशा पटेलांचं लोदगा आमच्याच तालुक्यात, त्यामुळं बांबू म्हणजे काय हे इथं सांगावं लागत नाही. प्रश्न कराराचा आहे. कुणी केलाय का? पैसे आलेत का?

आणि दुसरं. सरकारला धूर कमीच करायचाय तर हा क्रेडिटचा बाजार मांडण्यापेक्षा सरळ कोळशावर कर लावून मोकळं का होत नाही?

टिवल्याबावल्या
पहिला!
सासरेबुवांनी दिवाळीपासून बिडी सोडलीय. त्यांचं क्रेडिट जावयाच्या नावावर करता येतं का?

नुसताच_वाचक
वाचतोय. आमच्याकडं निलंग्यातही हीच पोरं येऊन गेली.

गणिती_गुरुजी
औसेकर, आधी एक क्रेडिट म्हणजे काय ते वजनात बघा. एक क्रेडिट म्हणजे एक टन कार्बन डायऑक्साइड हवेतून कमी केल्याचा दाखला, धूर सोडणारे तो विकत घेतात. त्या एका टनात निव्वळ कार्बन किती? ४४ भागांत १२. म्हणजे टनात साधारण २७३ किलो. वाळलेल्या लाकडाचं निम्मं वजन कार्बनचं धरतात. म्हणजे एक क्रेडिट तयार व्हायला साडेपाच क्विंटल वाळलेलं लाकूड बांधावर नव्यानं उभं राहायला पाहिजे, आणि राहायलाही पाहिजे.

आता समजा एका क्रेडिटला हजार रुपये मिळाले. (समजा म्हणतोय, भाव वर-खाली होतो.) तुमचे साठ टक्के म्हणजे सहाशे. तेही "निव्वळ"मधले, म्हणजे मोजणी, तपासणी, नोंदणी, कंपनीचा कारभार हे सगळं आधी वजा. साडेपाच क्विंटल सरपणाला तुमच्या गावात काय भाव येतो ते तुम्हीच सांगा.

लागवड करू नका असं माझं म्हणणं नाही. बांबूला गिऱ्हाईक असेल तर जरूर लावा. पण क्रेडिटच्या पैशावर पोरीच्या लग्नाचा हिशोब मांडू नका.

अंबडची_लेक
गुरुजींनी पैशाचं सांगितलं, मी पाण्याचं सांगते. आमची मोसंबीची बाग होती. २०१२-१३ च्या दुष्काळात अंबड, घनसावंगी, जालना या पट्ट्यात बागाच्या बागा वाळल्या. आम्ही टँकर विकत घेऊन घातले, आधी आठवड्याला दोन, मग एक, मग बोअरच आटला. बाबांनी बाग तोडून घेतली त्या दिवशी घरात कुणी जेवलं नाही. पंधरा वर्षांची झाडं ट्रॅक्टरला साखळी लावून उपटली.

आता मला सांगा, त्या बागेवर असा करार असता तर? झाडात साठलेला कार्बन परत हवेत गेला म्हणजे आधी दिलेली क्रेडिटं खोटी ठरतात. त्याची भरपाई कोण करणार, शेतकरी की कंपनी? मराठवाड्यात झाड तीस वर्षं जगवायची हमी कुणी देऊ शकतं का? मी तर देणार नाही.

धोरणलकवा
@अंबडची_लेक, अगदी बरोबर नस पकडलीत. चांगल्या योजनांत यासाठी काही टक्के क्रेडिटं विकतच नाहीत, राखून ठेवतात. आग, दुष्काळ, तोड झाली की त्यातून भरपाई. औसेकर, करारात हे कलम शोधा. नसेल तर जोखीम कुणाच्या गळ्यात येणार ते उघड आहे.

दुसरा मुद्दा त्याहून मोठा. क्रेडिट कशाचं मिळतं? "हा प्रकल्प क्रेडिटच्या पैशाशिवाय झालाच नसता" हे सिद्ध करावं लागतं. रोहयोतून बांबू लागवडीला आधीच अनुदान आहे. तुम्ही सरकारी अनुदानावर लावणार असाल, तर क्रेडिटमुळं जादा काय झालं? हा प्रश्न तपासणीवाला विचारणारच. न विचारता क्रेडिट देत असेल तर ते क्रेडिट उद्या बाजारात कुणी घेणार नाही.

आता तुमचा दुसरा प्रश्न, सरकारी बाजाराचा. गावात फिरणारी पोरं आणि केंद्र सरकारची योजना या वेगळ्या गोष्टी आहेत, लोक एकाच पोत्यात भरतात. ऊर्जा संवर्धन कायद्यात २०२२ ला दुरुस्ती झाली आणि जून २०२३ मध्ये कार्बन क्रेडिट ट्रेडिंग स्कीम अधिसूचित झाली. कारभार ऊर्जा कार्यक्षमता ब्युरोकडं. त्यात मोठ्या कारखान्यांना लक्ष्य दिलंय: एक टन सिमेंट, एक टन ॲल्युमिनियम काढताना इतकाच कार्बन सोडायचा. त्याहून कमी सोडला तर क्रेडिट मिळेल, जास्त सोडला तर विकत घ्या. विकत घेतलं नाही तर बाजारातल्या सरासरी भावाच्या दुप्पट भरपाई. ऑक्टोबर २०२५ मध्ये पहिल्या चार क्षेत्रांची लक्ष्यं आली: ॲल्युमिनियम, सिमेंट, क्लोर-अल्कली आणि कागद. पोलाद, खत, रिफायनरी, पेट्रोकेमिकल, कापड हेही मूळ यादीत आहेत.

याच योजनेत ऐच्छिक प्रकल्पांचा एक कप्पा आहे. मार्च २०२५ मध्ये त्यासाठी पहिल्या आठ पद्धती मंजूर झाल्या. त्यात लागवडीची पद्धत आहे, पण ती खारफुटीची.

टिवल्याबावल्या
खारफुटी! औशाला समुद्र कधी येतोय ते कळवा, मी होडी घेतो.

जालन्याची_भट्टी
आमचं नाव निघालं म्हणून लिहितो. जालन्यात सळईचा धंदा. इंडक्शन भट्टी, वर रोलिंग. भंगार आणि स्पंज आयर्न टाकायचं, वितळवायचं, बिलेट ओढायचं. एक टन वितळवायला सहाशेच्या आसपास युनिट लागतात. ग्रिडच्या एका युनिटमागं पाऊण किलोच्या जरा खाली कार्बन धरतात. म्हणजे टनामागं चारशे-सव्वाचारशे किलो आमच्या नावावर, आणि त्यातलं धुराडं आमच्याकडं नाहीच, ते परळीच्या नाहीतर चंद्रपूरच्या वीज केंद्रात. स्पंज आयर्नचा धूर वेगळा, तो आमच्या दारात माल येण्याआधीच निघालेला.

बाहेरचे लोक म्हणतात युरोपचा कार्बन कर आला, जालना बुडालं. काही नाही. तो नियम १ जानेवारी २०२६ पासून पैशाच्या हिशोबात लागू झाला हे खरं, पण आमची सळई जाते कुठं? पुण्याच्या बिल्डिंगीत, समृद्धीच्या पुलात. युरोपात नाही. ज्यांची निर्यात आहे त्या मोठ्या गिरण्यांनी घाम पुसावा.

आमच्यासारख्या बऱ्याच लहान भट्ट्या सरकारी लक्ष्याच्या मर्यादेखालीच राहतात. मग आम्ही धूर कमी का करतो? विजेचं बिल बघून. रात्रपाळीत भट्टी चालवायची की दिवसा, लायनिंग कधी बदलायचं, भंगारात माती किती, सगळं युनिटवर ठरतं. क्रेडिट वगैरे भाषणाला ठीक आहे. विजेचा दर हाच आमचा कार्बन कर.

धोरणलकवा
@जालन्याची_भट्टी, भर घालतो. युरोपच्या त्या नियमात पोलादासाठी सध्या कारखान्यातला थेट धूर धरतात, विकत घेतलेल्या विजेचा नाही. म्हणजे निर्यात केलीत तरी भट्टीच्या विजेचा भार तुमच्यावर पडला नसता.

साखरपोते
मी एका साखर कारखान्यात होतो, नाव सांगत नाही. क्योटो करारातल्या क्लीन डेव्हलपमेंट मेकॅनिझमचा जमाना. बगॅसवर, म्हणजे उसाच्या चिपाडावर, वीज करायची, ती ग्रिडला द्यायची, तेवढा कोळसा वाचला म्हणून क्रेडिट. गुळगुळीत कागदावर अहवाल घेऊन सल्लागार यायचे. चेअरमन साहेबांनी सभेत सांगून टाकलं, उसाला जादा भाव क्रेडिटमधून देऊ. टाळ्या!

२००८ ला त्या क्रेडिटचा भाव वीस युरोच्या वर होता. आमची नोंदणी, तपासणी, पुन्हा तपासणी, शंका, शंकेचं उत्तर यात वर्षं गेली. २०१२ संपताना भाव एका युरोच्याही खाली. २०१३ पासून तर युरोपनं नवीन प्रकल्पांची क्रेडिटं फक्त अतिगरीब देशांतूनच घ्यायचं ठरवलं. सल्लागाराची फी मात्र आधीच दिलेली. उसाला क्रेडिटमधून एक रुपया गेला नाही.

वीज मात्र आजही विकली जाते. प्रकल्प चांगलाच होता. क्रेडिटच्या जिवावर उभा केला नव्हता म्हणून टिकला.

औसेकर
साखरपोते, हे आमच्या काकांना वाचून दाखवतो.

सुरतवाला_बीडकर
सगळे बाजाराला शिव्या घालायलेत म्हणून उलट बाजू मांडतो. मी सुरतेला डाईंगच्या युनिटात बॉयलर बघतो. तिथं २०१९ पासून धुराड्यातल्या धुळीचा बाजार आहे. कार्बनचा नाही, धूलिकणांचा. देखरेख गुजरात प्रदूषण नियंत्रण मंडळाची. प्रत्येक धुराड्यावर मीटर, सतत चालू, आकडा थेट मंडळाकडं. सगळ्यांची मिळून एक मर्यादा ठरलेली. तुमच्या वाट्याच्या परवान्यापेक्षा जास्त धूळ सोडली तर दुसऱ्याकडून परवाना घ्या, नाहीतर आधी भरलेल्या अनामतीतून पैसे कापले जातात.

सुरुवातीला मालक चिडले. मग हिशोब कळला. आमच्या मालकानं बॅग फिल्टर दुरुस्त करून घेतला, परवाने उरले, ते विकले. शेजारच्यानं विकत घेतले कारण त्याचा बॉयलर जुना. संशोधकांनी बाजारातली आणि बाजाराबाहेरची युनिटं शेजारी ठेवून तपासलं तर धूळ २० ते ३० टक्क्यांनी कमी निघाली. मीटर खरा आणि मर्यादा घट्ट असेल तर हे चालतं. डोळ्यांनी बघितलंय.

गणिती_गुरुजी
सुरतवाल्यांनी "सगळ्यांची मिळून एक मर्यादा" म्हटलंय, ते परत वाचा. केंद्राच्या कार्बन योजनेत ती नाही. तिथं टनामागं लक्ष्य आहे. समजा एका कारखान्यानं टनामागचा कार्बन दहा टक्के कमी केला आणि उत्पादन तीस टक्के वाढवलं. ०.९ गुणिले १.३ म्हणजे १.१७. लक्ष्य पुरं झालं, बक्षीस मिळालं, आणि हवेत सतरा टक्के जादा गेलं.

धोरणलकवा
गुरुजी, गणित बरोबर, पण त्यामागचं कारणही आहे. भारतानं जगाला दिलेला शब्दच तसा आहे: जीडीपीच्या प्रमाणात उत्सर्जन २००५ च्या तुलनेत २०३० पर्यंत ४५ टक्के कमी, आणि निव्वळ शून्य २०७० ला. वाढत्या देशानं एकूण मर्यादा आत्ताच घालून घ्यायची का, हा प्रामाणिक वाद आहे. माझं मत, आज नाही, पण तारीख तरी जाहीर करा.

खरी भीती वेगळी आहे, ढिल्या लक्ष्याची. युरोपचा बाजार २००५ ला सुरू झाला तेव्हा परवाने इतके वाटले की २००७ ला भाव जवळपास शून्यावर आला. नंतर मर्यादा आवळत नेली तेव्हा फेब्रुवारी २०२३ मध्ये टनाला शंभर युरो झाले. आपल्याकडं २०१२ पासून 'पॅट' योजना होती, ऊर्जाबचतीची प्रमाणपत्रं विकायची. पस्तीस मार्कांची परीक्षा पंधरा मार्कांवर आणली तर सगळेच पास, मग जादा मार्क विकत घेणार कोण? तिथं तेच झालं, विकणारे जास्त आणि घेणारे कमी.

आता औसेकरांचा कोळशावरचा कर. तो होता की! २०१० ला टनाला ५० रुपये, वाढत वाढत २०१६ ला ४०० झाला. नाव स्वच्छ ऊर्जा उपकर. एक टन देशी कोळसा जाळला की साधारण दीड टन कार्बन डायऑक्साइड, म्हणजे टनाला अडीचशे-पावणेतीनशे रुपये कार्बन कर आपण कुणाला न सांगता भरतच होतो. २०१७ ला तो पैसा जीएसटीच्या भरपाईकडं वळला. सप्टेंबर २०२५ मध्ये उपकर काढून जीएसटी ५ वरून १८ टक्के केला. पंधराशे रुपये टनाच्या कोळशावर आधी ७५ अधिक ४०० भरत होतो, आता २७०. कोळसा जितका हलका तितकी सूट मोठी. एका हातानं कार्बनचा बाजार मांडायचा आणि दुसऱ्या हातानं कोळशावरचा बोजा उतरवायचा, हे मला तरी पटत नाही.

परळीकर
पुण्यात बसून कोळशावर कर लावा म्हणणं सोपं आहे. (धोरणलकवा पुण्यातच असतात असं गृहीत धरतो.) आमच्या परळीत औष्णिक वीज केंद्र आहे म्हणून बाजारपेठ आहे. २०१३ ला पाणी नाही म्हणून सगळे संच बंद, २०१५ ला परत बंद. खडका बंधाऱ्यात थेंब नव्हता. तेव्हा चहाच्या टपरीपासून लॉजपर्यंत सगळं बसलं. जुने संच कायमचे गेले, आता २५० मेगावॉटचे तीन उरलेत. कर लावला तर तो शेवटी विजेच्या बिलातच येणार ना?

आणि गंमत बघा, सरकारच्या कार्बन बाजाराच्या मूळ यादीत औष्णिक वीज नाहीच. सगळ्यात जास्त धूर जिथं, तेच बाहेर.

धोरणलकवा
पुण्यात नाही हो, हिंगोलीत. :)
यादीबद्दल शंभर टक्के सहमत. बिलात येणार हेही खरं. म्हणूनच करातून आलेला पैसा शेतीपंपाच्या सौर वाहिन्यांत, आणि तुमच्यासारख्या गावांत दुसरे धंदे उभे करण्यात गेला पाहिजे. पाण्यावाचून केंद्र बंद पडलं ते करामुळं नव्हे. तेव्हा पर्यायी धंदा उभा असता तर टपरी बसली नसती.

परळीकर
"गेला पाहिजे." गेला का कधी?

गोठ्यातली_चूल
मी केज तालुक्यातली. आमच्या वस्तीवर काही वर्षांपूर्वी धूर कमी करणाऱ्या लोखंडी चुली फुकट वाटल्या. अंगठा, फोटो, चुलीवर नंबर ठोकलेला. तेव्हा कळलं नाही, नंतर माझ्या भाच्यानं सांगितलं की त्या चुलीवर क्रेडिट विकतात. चूल चांगली होती, पण तोंड लहान. तूरकाठ्या आणि पळाट्या मोडून मोडून हात दुखायचे, आणि मोठा तवा बसत नव्हता. आमच्याकडं भाकरी पातळ आणि मोठी लागते. दोन महिन्यांत सगळ्या बाया जुन्या चुलीवर परत. माझी चूल गोठ्यात आहे, त्यात कोंबडी अंडी घालते.

तपासायला एकदा एक पोरगी आली होती. सासूबाई म्हणाल्या, "रोज वापरतो बाई." पाहुणीला नाही कसं म्हणायचं?

टिवल्याबावल्या
म्हणजे युरोपातली कुठली तरी विमान कंपनी तुमच्या कोंबडीच्या जिवावर उडतेय. _/\_

अंबडची_लेक
हसू येतंय आणि नाहीही. मोजमाप असं होत असेल तर झाडांचं काय होणार.

सौरपंपवाला
अवांतर होईल, पण विचारतो. मागेल त्याला सौर पंपमधून पाच एचपीचा पंप घेतला, दहा टक्के हिस्सा भरला. त्याचं क्रेडिट मला मिळतं का?

गणिती_गुरुजी
दिवसाला वीस युनिट आणि वर्षात तीनशे दिवस धरले तर सहा हजार युनिट, म्हणजे चार टनांच्या आसपास. पण पावसाळ्यात आणि पीक नसताना पंप बंद असतो, त्यामुळं प्रत्यक्षात त्याहून बरंच कमी. एकट्याची नोंदणी परवडतच नाही, हजारो पंपांची मोट बांधावी लागते. आणि नव्वद टक्के पैसा सरकारचा असताना क्रेडिट तुमचं कसं, हा वाद होणारच. रात्री बाऱ्याला जायचं बंद झालं ना? साप-विंचवाची भीती गेली ना? मग झालं.

सौरपंपवाला
ते मात्र खरं. रात्री बाराची लाईट आठवली की अंगावर काटा येतो.

औसेकर
मंडळी, सगळं वाचून परवा त्या पोरांना पारावर बसवलं. विचारलं, दुष्काळात झाडं वाळली तर काय? म्हणाले, "बघू." खर्च वजा किती होणार त्याचा कागद द्या म्हटलं, तर "ऑफिसला मेल करा." जमीन विकली, वाटणी झाली तर करार कुणावर? उत्तर नाही. कुठल्या नोंदणीत प्रकल्प आहे, त्याचा नंबर द्या म्हटल्यावर एकानं फोन काढला आणि बाजूला गेला. मराठीतली प्रत मागितली, ती पुढच्या आठवड्यात देतो म्हणाले.

काकांनी ओटीपी आधीच दिलाय. आता त्यांच्या करारातून बाहेर पडायची मुदत किती, ते बघायलोय. बांबू मात्र लावणार आहे, पूर्वेच्या बांधावर, रोहयोतून. कुणाला कटांग आणि माणवेलमधला फरक माहीत असेल तर सांगा, काळ्या रानात कोणता येतो?

नुसताच_वाचक
माणवेल घ्या. कटांगाला काटे असतात, तोडणीला मजूर तयार होत नाहीत.

जालन्याची_भट्टी
@सुरतवाला_बीडकर, तुमच्याकडचे ते धुराड्यावरचे मीटर कितीला पडले? आमच्या भट्टीवाल्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर तुमचा प्रतिसाद टाकला, दोघं म्हणाले असा बाजार इथं आला तर चालेल, निदान शेजारचा किती सोडतो ते तरी कळेल.

सुरतवाला_बीडकर
व्यनि (खासगी निरोप) केलाय. खर्च धुराड्यावर अवलंबून, पण मीटरपेक्षा त्याची देखभाल महाग. ते धरून चाला.

परळीकर
राखेचा असा बाजार मांडता येईल का हो? आमच्या रस्त्यावरून उघडे डंपर जातात, दुपारी समोरचं दिसत नाही.

सुरतवाला_बीडकर
धुराडं एका जागी उभं असतं म्हणून मीटर बसतो. पळत्या डंपरला ताडपत्री लागते, आणि ती नसली की दंड लावणारा एक माणूस.

टिवल्याबावल्या
तो एक माणूस कुठल्या योजनेत मिळतो?